राणी रंगाचे तेवीस दिवस

बोटभर काचेच्या नळीत माशांच्या टाकीतलं पाच मिलिलिटर पाणी घेतलं, बाटलीतले थेंब मोजून टाकले, बूच लावून नळी हलवली. पाच मिनिटं थांबून मग रंग बघा, असं सोबतच्या कागदावर लिहिलेलं होतं. मला तेवढं थांबावंच लागलं नाही. हातातच पाणी गुलाबी झालं, बघता बघता गडद झालं आणि आपण ज्याला राणी रंग म्हणतो तिथे येऊन ठेपलं. रंगपट्टीवर त्या रंगाशेजारी २ हा आकडा होता. लिटरमागे २ मिलिग्रॅम नायट्राइट, म्हणजे माशांना गुदमरवणारं विष. नीट चालत असलेल्या टाकीत हा आकडा शून्य असतो. नावापुरता, किंचित, चालण्याजोगा नाही. शून्य.

ही तपासणी करायला मला लेकीने लावलं होतं. सकाळी टाकीसमोर उभी राहून ती म्हणाली, "बाबा, एंजल पळून आल्यासारखा श्वास घेतोय." मी हातातलं काम टाकून बघायला गेलो. एंजल मासा फिल्टरच्या धारेखाली, पाण्याच्या अगदी वरच्या थरात, किंचित तिरका उभा होता. कल्ल्यांची झाकणं भराभर उघडमीट करत होती. एरवी एका थव्यात फिरणारे टेट्रा सुटे सुटे झाले होते आणि प्रत्येक जण तोंड वर करून होता. तळाशी राहणारे कोरीडोरस तसेही अधूनमधून वर येऊन हवेचा घोट घेऊन जातात, तो त्यांचा स्वभावच आहे. पण त्या सकाळी ते दर मिनिटाला वर येत होते.

टाकी दोन वर्षांची. नायट्राइट ही नव्या टाकीची कटकट, आपण त्यातून केव्हाच पार पडलो, अशी माझी पक्की समजूत होती. मग आठवलं. आठवड्यापूर्वी मी फिल्टर धुतला होता.

धार मंदावली होती म्हणून फिल्टर उघडला. स्पंज तपकिरी, बुळबुळीत, जड झालेला. तो नळाखाली धरून पिळला, पुन्हा धरला, पुन्हा पिळला. स्वच्छ पाणी निथळेपर्यंत सोडला नाही. दुसरी जाळी फारच मळली होती, ती टाकून देऊन नवी घातली. स्पंज नव्यासारखा दिसायला लागला आणि काहीतरी चांगलं केल्याचं समाधान वाटलं. त्या तपकिरी बुळबुळीत थरातच माझ्या माशांचा जीव होता, आणि तो मी मोरीत वाहू दिला. नळाच्या पाण्यात क्लोरीन घालतात तेच मुळी जिवाणू मारण्यासाठी.

मासा अमोनिया बाहेर टाकतो तो मुख्यतः कल्ल्यांतून. श्वास घेता घेता तो विष सोडत असतो, आणि नदीत ते वाहून जातं, टाकीत जात नाही. टाकीत ते संपवतात जिवाणू. एक जात अमोनियाचं नायट्राइट करते, दुसरी त्या नायट्राइटचं नायट्रेट, आणि नायट्रेट त्यामानाने निरुपद्रवी. झाडं थोडं खातात, बाकीचं पाणी बदलताना जातं. हे काम दोन टप्प्यांत, दोन वेगवेगळ्या जिवाणूंकडून होतं, हे सर्गेई विनोग्राद्स्की या शास्त्रज्ञाने १८९० च्या सुमारास झुरिकमध्ये दाखवून दिलं. हे जिवाणू अंधारात, निव्वळ अमोनिया किंवा नायट्राइट जाळून मिळणाऱ्या ऊर्जेवर आपलं शरीर बांधतात. सूर्य नाही, साखर नाही. मला हे वाचलं तेव्हा फार नवल वाटलं होतं, आणि तेच नवल मी नळाखाली धरून धुऊन टाकलं.

मत्स्यपालनाच्या पुस्तकांत वर्षानुवर्षं दुसऱ्या टप्प्याचं श्रेय नायट्रोबॅक्टर या जिवाणूला दिलेलं असायचं. १९९८ साली टिमोथी होव्हानेक आणि सहकाऱ्यांनी गोड्या पाण्याच्या टाक्यांमधला थर तपासला, तेव्हा तिथे नायट्राइट संपवणारे जिवाणू नायट्रोस्पायरा कुळातले निघाले. पुढे २०१५ मध्ये तर असे नायट्रोस्पायरा सापडले जे अमोनियापासून नायट्रेटपर्यंतचा सगळा प्रवास एकटेच करतात. त्यांतले काही मासे पाळण्याच्या एका यंत्रणेतल्या फिल्टरमधूनच मिळाले होते. शंभरहून अधिक वर्षं जे काम दोघांचं मानलं होतं ते एकटा करणाराही निघाला, आणि तोही एका फिल्टरमध्ये बसलेला.

या जिवाणूंचा मुख्य गुण म्हणा की दोष, ते सावकाश वाढतात. पोटातले काही जिवाणू वीस मिनिटांत दुप्पट होतात. यांना कित्येक तास लागतात, परिस्थिती मनासारखी नसेल तर दिवसही. त्यातही नायट्राइट खाणारे मागाहून सावरतात. पाण्यात मोकळा अमोनिया जास्त असला तर ते दबून राहतात, आधी पहिल्या जातीने अमोनिया खाली आणावा लागतो. म्हणून अमोनिया आटोक्यात येतो आणि नेमकं तेव्हा नायट्राइट चढत जातं. मधल्या काळात मासे त्यात राहतात.

त्या मधल्या काळात माशाच्या अंगात काय होतं ते समजून घेतलं आणि मग मला एंजलकडे बघवेना. गोड्या पाण्यातल्या माशाच्या अंगातून मीठ सतत बाहेर झिरपत असतं, म्हणून कल्ल्यांमधल्या खास पेशी पाण्यातून क्लोराइड ओढून आत घेत असतात. त्या पेशींना क्लोराइड आणि नायट्राइट यांतला फरक कळत नाही. दोन्ही एकाच दारातून आत येतात. आत गेलेलं नायट्राइट रक्तातल्या हिमोग्लोबिनमधल्या लोहाचं रूप पालटतं, त्याचं मेथेमोग्लोबिन होतं, आणि मेथेमोग्लोबिनला ऑक्सिजन धरता येत नाही. रक्त लालाऐवजी चॉकलेटी दिसायला लागतं. मत्स्यशेतीत या दुखण्याला तपकिरी रक्ताचाच रोग म्हणतात. म्हणजे पाण्यात ऑक्सिजन आहे, मासा कल्ले हलवतोय, पाणी आत येतंय आणि जातंय, पण वाहून न्यायला कोणी नाही. भरल्या पाण्यात गुदमरणं म्हणतात ते हेच.

माणसांतही हे घडतं. १९४५ मध्ये अमेरिकेतल्या आयोवा राज्यात हंटर कॉम्ली या डॉक्टरांनी निळी पडणारी तान्ही बाळं आणि त्यांच्या घरच्या विहिरीचं नायट्रेटयुक्त पाणी यांची सांगड घातली होती. बाळाच्या पोटात नायट्रेटचं नायट्राइट होत होतं आणि पुढची गोष्ट माझ्या एंजलचीच. पिण्याच्या पाण्यात नायट्राइट लिटरमागे ३ मिलिग्रॅमपेक्षा जास्त नसावं, असं जागतिक आरोग्य संघटना सांगते. माणूस ते पाणी पितो. मासा त्यातच श्वास घेतो.

त्या सकाळी यातलं काहीच माझ्या डोक्यात नव्हतं. डोक्यात होती फक्त कपाटातली वॉटर कंडिशनरची बाटली. तिच्यावर तीन गोष्टी लिहिल्या होत्या: क्लोरीन काढते, अमोनिया निर्विष करते, नायट्राइट निर्विष करते. मी शंभर लिटरच्या टाकीसाठी सांगितलेला डोस ओतला. अर्ध्या तासाने पुन्हा नळी भरली. राणी रंग. दुपारी दुसरा डोस ओतला, संध्याकाळी तिसरा. रात्री नळी भरली, तोच रंग. मी ती नळी दिव्याखाली धरून, पांढऱ्या कागदापुढे धरून, बाजूने, वरून बघत राहिलो. रंग किंचित उतरलाय असं वाटायचं, पट्टीशेजारी नेली की तेवढाच निघायचा. यंत्रच चुकतंय की काय म्हणून शुद्ध केलेलं पाणी आणि टाकीतलं पाणी निम्मं निम्मं मिसळून तपासलं. १ आला. म्हणजे २ खराच होता.

इथे मी काय चुकत होतो ते नीट सांगतो, कारण माझ्यासारखे बरेच जण याच जागी अडकतात. कंडिशनरचं खणखणीत, शंभर टक्के भरवशाचं काम एकच: क्लोरीन संपवणं. त्यातलं थायोसल्फेट नळाच्या पाण्यातल्या क्लोरीनला मिनिटभरात निकामी करतं. जिथे पाण्यात क्लोरामाइन, म्हणजे क्लोरीन आणि अमोनियाचं संयुग, घालतात तिथे ते तोडल्यावर अमोनिया मोकळा होतो, म्हणून काही कंडिशनरमध्ये त्या अमोनियाला काही काळ बांधून ठेवणारं रसायनही असतं. पण नायट्राइट पाण्यातून घालवण्याचं काम कोणतीच बाटली करत नाही. डोस दिल्यावर नळीत तोच आकडा दिसतो, कारण नायट्राइट तिथेच असतं. ते जातं दोनच वाटांनी: एक तर बादलीतून मोरीत, नाही तर जिवाणूंच्या पोटात. शिवाय गंधकाची ही रसायनं डोसावर डोस ओतत गेलं तर पाण्यातल्या ऑक्सिजनवरच हात मारू शकतात. ज्या माशाला आधीच ऑक्सिजन पुरत नाही त्याच्या पाण्यात मी दिवसभर तेच ओतत होतो. दुसऱ्या दिवशी सकाळी दोन टेट्रा तळाशी आडवे मिळाले. लेक शाळेला जायच्या आत मी ते काढले, पण तिने मोजले. ती रोज मोजते.

त्या दिवशी बाटली कपाटात ठेवली आणि बादली काढली. निम्मं पाणी उपसलं, निम्मं ताजं भरलं. बादलीत आधी कंडिशनर, तेही बादलीच्या मापाचं, मग पाणी टाकीत. (टाकीतच थेट नळी सोडून भरायचं असेल तर डोस सगळ्या टाकीच्या मापाने द्यावा लागतो, कारण क्लोरीन आत पडल्या पडल्या पसरतं.) या कामात कंडिशनरसारखा सोबती नाही, आणि ज्या दिवसांत रोज पाणी बदलायचं त्या दिवसांत तर तो हाताशी असलाच पाहिजे. निम्मं पाणी गेलं की निम्मं नायट्राइट गेलं. यात जादू नाही आणि फसवणूकही नाही. संध्याकाळी नळीत १ आला. दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा दीडच्या पुढे.

मग एका जुन्याजाणत्या मित्राला फोन केला. त्याने आधी विचारलं, "खायला घालतोयस का?" मी म्हटलं, थोडंसं. "बंद कर," तो म्हणाला, "आणि मीठ घाल. ढीगभर नको, दोन चमचे."

खाण्याचा हिशोब मी त्या रात्री मांडून बघितला. माशांच्या खाद्यात ४० टक्के प्रथिनं धरली तर १ ग्रॅम खाद्यात ती ४०० मिलिग्रॅम. प्रथिनांचा साधारण १६ टक्के भाग नायट्रोजन, म्हणजे ६४ मिलिग्रॅम. हा सगळा नायट्रोजन नायट्राइट झाला तर त्याचं वजन ३.३ पटीने वाढतं, २१० मिलिग्रॅम होतं, आणि शंभर लिटरमध्ये ते लिटरमागे २ मिलिग्रॅमला जाऊन भिडतं. अर्थात सगळा होत नाही, काही माशाच्या अंगी लागतो. निम्मा धरला तरी १. चिमूटभर खाद्य, जे आपण मासे वर आले म्हणून लाडाने टाकतो, ते जिवाणू नसलेल्या टाकीत माझी बादलीची सगळी मेहनत पुसून टाकायला पुरे होतं. धडधाकट मोठा मासा आठवडाभर खाण्यावाचून सहज राहतो. लेकीला हे पटवणं सगळ्यांत कठीण गेलं. "ते बघतायत माझ्याकडे," असं म्हणून ती डब्यावर हात ठेवून उभी राहायची.

आणि मीठ. याचं मला सगळ्यांत जास्त अप्रूप वाटतं. कल्ल्यांतल्या पेशींना क्लोराइड आणि नायट्राइट यांतला फरक कळत नसेल, तर दारात क्लोराइडचीच गर्दी करायची. दार तेवढंच, आत जाणारे तेवढेच. गर्दी क्लोराइडची असेल तर नायट्राइटला आत शिरायला जागा कमी. कॅटफिश माशांची शेती करणारे नायट्राइटच्या निदान दहापट क्लोराइड पाण्यात असावं, असं मानतात. साध्या मिठाच्या वजनात ६० टक्के क्लोराइड असतं. माझ्या शंभर लिटरमध्ये १० ग्रॅम मीठ घातलं की लिटरमागे ६० मिलिग्रॅम क्लोराइड झालं, २ मिलिग्रॅम नायट्राइटच्या तीसपट. दहा ग्रॅम म्हणजे खरोखरच दोन लहान चमचे. आजारपणावर टाकीत मीठ घालतात ते लिटरमागे ग्रॅमच्या हिशोबाने आणि कोरीडोरसवाले त्याला घाबरतात ते बरोबरच आहे. पण ही मात्रा त्याच्या दहाव्या हिश्शाएवढीही जेमतेम. कोरीडोरसला नाही, झाडांनाही नाही, कोणालाच तिचा त्रास झाला नाही. समुद्राच्या पाण्यात लिटरमागे १९ ग्रॅम क्लोराइड असतं, म्हणूनच समुद्री माशांच्या टाकीत नायट्राइट एवढा छळत नाही. मात्र मीठ म्हणजे साधं मीठच हवं. एप्सम सॉल्ट नावाला मीठ आहे, ते मॅग्नेशियम सल्फेट. त्यात क्लोराइडचा कणही नाही.

मी तांब्याभर टाकीच्या पाण्यात मीठ विरघळवलं आणि फिल्टरच्या धारेखाली थोडं थोडं सोडलं. एअर पंपही लावला. तासाभराने नळी भरली तर आकडा हलला नव्हता. राणी रंग तसाच. पण आता मी नळीकडे बघून घाबरत नव्हतो. आकडा तोच असला तरी माशापर्यंत पोचणारं विष तेवढंच नव्हतं. पाण्यात किती आहे हे नळी सांगते. माशात किती शिरतंय हे मासा सांगतो. म्हणून मी खुर्ची ओढून टाकीपुढे बसलो आणि एंजलच्या कल्ल्यांचे ठोके मोजायला लागलो. घड्याळ लावून, मिनिटभर. पहिल्या रात्री १२०. दुसऱ्या रात्री १०४. तिसऱ्या रात्री ९० च्या खाली आले आणि तो धारेखालून निघून आपल्या झाडाच्या कोपऱ्यात जाऊन उभा राहिला. माशाच्या रक्तातच मेथेमोग्लोबिन परत मूळ रूपात आणणारं एक विकर असतं. नव्या विषाचा ओघ थांबला की ते आपलं काम दिवस-दोन दिवसांत बऱ्यापैकी उरकतं. आपण फक्त ओघ थांबवायचा.

मेथिलीन ब्लूचंही नाव कोणीतरी सुचवलं होतं. माणसांच्या याच दुखण्यावर डॉक्टर ते शिरेतून देतात, हे खरं आहे. पण टाकीत ओतलं तर फिल्टरमध्ये जे काही उरलंसुरलं होतं तेही गेलं असतं. मी त्या वाटेला गेलो नाही.

मित्राने त्याच्या जुन्या टाकीतल्या स्पंजचा एक तुकडा कापून, त्याच टाकीच्या पाण्यात बुडवून, पिशवीत घालून दिला. त्याच्या टाकीत वर्षभर एकही मासा आजारी पडलेला नव्हता, म्हणून घेतला. नाही तर जिवाणूंबरोबर रोगही पाहुणा येतो. तो तपकिरी तुकडा हातात धरताना मला आधीच्या रविवारची मोरी आठवत होती. तो मी माझ्या चकचकीत स्पंजच्या वर ठेवला आणि फिल्टर बंद केला.

पुढचे दिवस सारखेच गेले. रात्री जेवणं झाली की लेक नळी भरायची, थेंब मोजायची, मी बादली. दीड, १, पुन्हा दीड, एका रात्री अचानक २. पाणी निम्मं बदललं की ५ ग्रॅम मीठ पुन्हा घालायचं, कारण मीठ उडून जात नाही, फक्त उपसलेल्या पाण्याबरोबर जातं. चौथ्या दिवसापासून एका दिवसाआड चार-चार दाणे खाद्य. बाराव्या दिवशी पाण्याचा सामू उतरल्यासारखा दिसला तेव्हा उमगलं, की हे जिवाणू काम करताना पाण्यातली क्षारताही खातात. १ मिलिग्रॅम अमोनिया-नायट्रोजन नायट्रेट होईपर्यंत ७ मिलिग्रॅमच्या वर कॅल्शियम कार्बोनेटइतकी. पाणी मऊ असेल तर मध्येच सगळं ठप्प होतं. आमचं रोजचं ताजं पाणी तीही भरपाई करत होतं. अठराव्या दिवशी रंग पहिल्यांदा फिका गुलाबी. वहीत लेकीने त्या दिवसापुढे खडूने तो रंग भरून ठेवलाय, आकडा लिहिलेला नाही.

तेविसाव्या रात्री नळी भरली. पाच मिनिटं झाली, दहा झाली. पाणी पाण्याच्याच रंगाचं राहिलं. लेक म्हणाली, "थेंब टाकायचे राहिले का?" नव्हते राहिले. तरी आम्ही दुसरी नळी भरली आणि या वेळी थेंब तिने मोठ्याने मोजले.

टाकी आता आठवड्याला एक चतुर्थांश पाणी बदलण्यावर परत आली आहे. स्पंज बादलीत काढलेल्या टाकीच्याच पाण्यात दोनदा हलका दाबतो, धार मोकळी होईल एवढाच, आणि तपकिरी तसाच परत ठेवतो. दोन भाग असतील तर एका महिन्यात एकच. मीठ नव्याने घालत नाही. दर आठवड्याला पाव हिस्सा बादलीतून जातो: १० ग्रॅमचे साडेसात, मग साडेपाचच्या वर, मग चार. आज चौथा आठवडा. टाकीत अजून तीन ग्रॅम मीठ शिल्लक असेल, आणि एंजल त्याच्या कोपऱ्यात झाडाच्या पानाला तोंड लावून उभा आहे.